साथीचा प्रसार, सक्ती आणि लपलेला रुग्ण

जलरेषा

साथरोगांचा इतिहास वाचताना एक प्रश्न मला सतत पडत आला आहे आणि त्यावर येथे सविस्तर चर्चा व्हावी अशी इच्छा आहे. साथ रोखण्यासाठी समाजाने केलेला एखादा उपाय यशस्वी होतो आणि दुसरा फसतो, हे नेमके कशावर ठरते? जंतूचे ज्ञान असणे पुरेसे नसते, कारण जंतू माहीत नसतानाही काही उपाय लागू पडले आहेत. कडक अंमलबजावणीही पुरेशी नसते, कारण अत्यंत कडक उपाय सपशेल फसल्याची उदाहरणे भरपूर आहेत. माझे मत असे झाले आहे की, लस आणि शुद्ध पाणी यांचा अपवाद सोडला, तर जवळजवळ प्रत्येक उपाय आजारी माणूस कोण आहे हे वेळेत कळण्यावर अवलंबून असतो, आणि ते सर्वांत आधी कळते त्या माणसाला व त्याच्या घरच्यांना. त्यामुळे आजार उघड करणे ज्यांना परवडते तेच पुढे येतात. ज्या उपायामुळे आजार लपवणे शहाणपणाचे ठरते, तो उपाय साथीच्या बाजूने काम करू लागतो.

संसर्गाचे गणित थोडक्यात असे मांडता येते. एक बाधित माणूस पुढे किती जणांना लागण देईल, हे तो किती जणांच्या संपर्कात येतो, प्रत्येक संपर्कात लागण होण्याची शक्यता किती आहे, तो किती काळ संसर्गजन्य राहतो आणि भेटणाऱ्यांपैकी किती जणांना प्रतिकारशक्ती नाही, या चार गोष्टींवर ठरते. हा आकडा सरासरीने एकाच्या खाली गेला की साथ विझत जाते. एकाच्या वर राहिला तर ती वाढते, आणि वाढ गुणाकाराने होत असल्यामुळे सुरुवातीचा आठवडा नंतरच्या महिन्याहून मोलाचा ठरतो. आजार लपवला गेला की यांतील दोन गोष्टी एकदम बिघडतात: संपर्क चालू राहतात आणि संसर्गजन्य काळाचा मोठा भाग कोणाच्याही नजरेस न येता उलटून जातो.

१६६५ च्या लंडनमधील प्लेग याचे ठळक उदाहरण आहे. घरात एकाला प्लेग झाल्याचे आढळले की निरोगी माणसांसह सारे घर सुमारे ४० दिवस बंद केले जाई, दारावर लाल क्रूस रंगवला जाई आणि बाहेर पहारेकरी बसवला जाई. आजार उघड करण्याची किंमत म्हणजे आपल्या मुलाबाळांना रोग्यासोबत कोंडून घेणे, ही असेल, तर कोणते कुटुंब ती आपखुशीने मोजेल? मृत्यूची नोंद दुसऱ्या आजाराखाली व्हावी म्हणून मृतदेह पाहून मृत्यूचे कारण सांगणाऱ्या तपासनीस स्त्रियांना पैसे चारले गेले आणि लोक बंद घरांतून पळून गेले.

१८९७ मध्ये पुण्यातही हेच घडले. प्लेगच्या रोग्यांचा शोध घेण्यासाठी सैनिकांकडून घरांची झडती सुरू झाली, रोग्यांना घरातून उचलून नेले जाऊ लागले आणि लोकांनी रोगी लपवायला सुरुवात केली. त्या मोहिमेचे प्रमुख रँड यांच्यावर २२ जून १८९७ रोजी गोळ्या झाडल्या गेल्या, हे सर्वश्रुत आहे. त्या कडकपणाचा रोख मुळातच चुकीच्या दिशेला होता, ही गोष्ट मात्र कमी बोलली जाते. गाठीचा प्लेग मुख्यतः उंदरांवरील पिसवांमुळे पसरतो आणि त्याचा पुरावा फ्रेंच वैद्य पॉल-लुई सिमाँ यांनी पुढच्या वर्षी, १८९८ मध्ये, मिळवला. माणसांची घरे उपसली जात होती, त्या वेळी रोगाचा वाहक त्याच घरांच्या भिंतींत निर्धास्त होता.

आपल्यापैकी ज्यांनी या विषयाचा अभ्यास केला आहे त्यांनी या मताला आव्हान द्यावे. मला विशेषतः विरोधी उदाहरणे हवी आहेत.

अंकपाश

आपण सरासरीचा उल्लेख केला आहे, आणि सरासरीमागे बरेच काही दडते, म्हणून थोडी भर घालतो. २००३ च्या सार्स या श्वसनाच्या विषाणुजन्य रोगाच्या साथीत सिंगापूरमधील पहिल्या २०१ संभाव्य रुग्णांपैकी ८१ टक्के रुग्णांनी पुढे कोणालाही लागण दिल्याचा पुरावा मिळाला नाही, तर १०३ जणांची लागण अवघ्या पाच रुग्णांपर्यंत मागे नेता आली. त्याच वर्षी फेब्रुवारीत ग्वांगडाँगहून आलेले एक आजारी डॉक्टर हाँगकाँगच्या मेट्रोपोल हॉटेलात उतरले आणि त्यांच्यापासून लागण झालेल्या पाहुण्यांमार्फत तो रोग टोरांटो, हनोई आणि सिंगापूरला पोहोचला. म्हणजे बहुतेक साखळ्या आपोआप तुटतात आणि थोड्या साखळ्या प्रचंड फोफावतात.

यामुळे आपला मुद्दा बळकट होतो असे मला वाटते, पण वेगळ्या कारणाने. प्रसार असा विषम असेल, तर नवा रुग्ण सापडल्यावर त्याने पुढे कोणाला लागण दिली असेल एवढेच शोधण्याऐवजी त्याला ती कोठून झाली हे मागे जाऊन शोधणे अधिक फलदायी ठरते, कारण त्याला लागण देणारी जागा किंवा व्यक्ती इतर अनेकांनाही लागण देऊन गेली असण्याचा संभव मोठा असतो. कोविडच्या पहिल्या वर्षी जपानने याच पद्धतीवर भर दिला होता. मात्र असा माग काढताना रुग्णाने गेल्या पंधरवड्यात आपण कोठे होतो आणि कोणासोबत होतो हे अनोळखी अधिकाऱ्याला खरेखुरे सांगावे लागते. ज्या भेटी सांगायला माणूस कचरतो, त्याच भेटी पुष्कळदा महत्त्वाच्या असतात. हे उत्तर धमकावून मिळत नाही.

गोवरासारख्या रोगात मात्र हे सारे अपुरे पडते. प्रतिकारशक्ती नसलेल्या लोकसमूहात गोवराचा एक रुग्ण सरासरी १२ ते १८ जणांना लागण देतो असे मानले जाते. त्यावरून हिशेब केला तर ९२ ते ९४ टक्के लोकांना प्रतिकारशक्ती असल्याशिवाय साथ थांबत नाही. तेथे लसीला पर्याय नाही.

निमिषमात्र

विरोधी उदाहरण मागितले आहे, म्हणून देतो. आपली सारी मांडणी रुग्णाला आपण आजारी आहोत हे ठाऊक असते या गृहीतकावर उभी आहे. सार्समध्ये ते बहुतांशी खरे होते. त्या रोगात विषाणूचे उत्सर्जन लक्षणे सुरू झाल्यानंतर साधारण दहाव्या दिवसाच्या सुमारास कळसाला पोहोचत असे, तोवर रुग्ण बहुधा रुग्णालयात असे. म्हणूनच लस किंवा खात्रीचे औषध नसतानाही, केवळ रुग्ण शोधून वेगळे ठेवण्याच्या बळावर, ८००० हून अधिक रुग्ण आणि ७७४ मृत्यूंनंतर ती साथ आटोक्यात आली आणि ५ जुलै २००३ रोजी जागतिक आरोग्य संघटनेने तसे जाहीर केले.

कोविडचा विषाणू त्याच कुळातला, पण तो लक्षणे दिसण्याच्या एकदोन दिवस आधीपासूनच पसरू लागतो आणि काही बाधितांना तर लक्षणे कधीच जाणवत नाहीत. येथे रुग्णाने काहीही लपवलेले नसते. तो अत्यंत प्रामाणिक, कर्तव्यदक्ष नागरिक असला तरी पुढे येण्याच्या आधीच त्याने लागण दिलेली असते. अशा रोगात मुखपट्टी, खेळती हवा, गर्दीवर मर्यादा असे उपाय सरसकट सर्वांनाच लागू करावे लागतात, कारण बाधित कोण आणि निरोगी कोण हे वेगळे करता येत नाही. तेव्हा एखादा उपाय योग्य आहे की नाही, हे आधी रोगाच्या वेळापत्रकावरून ठरते आणि लोकांचा विश्वास त्यानंतर येतो, असे मी म्हणेन.

उत्तरायण

मला आपल्या मूळ विधानातील सक्तीविषयीचा भाग पटत नाही. १९१८ च्या इन्फ्लुएन्झाच्या वेळी प्रशांत महासागरातील शेजारशेजारच्या दोन सामोआंमध्ये काय झाले ते पाहावे. ७ नोव्हेंबर १९१८ रोजी ऑकलंडहून आलेले 'टाल्यून' हे जहाज न्यूझीलंडच्या ताब्यातील पश्चिम सामोआच्या आपिया बंदराला लागले, आजारी प्रवाशांना उतरू दिले गेले आणि त्यानंतर तेथील सुमारे पाचवा हिस्सा लोकसंख्या मृत्युमुखी पडली. पूर्वेकडील अमेरिकन सामोआत गव्हर्नर जॉन पॉयर यांनी कडक क्वारंटाइन लागू केले आणि तेथे या साथीने एकही बळी घेतला नाही. लोक तेच, भाषा तीच, मध्ये केवळ समुद्राचा एक पट्टा. फरक होता तो सक्तीचा. या उदाहरणासमोर सक्ती साथीच्या बाजूने काम करते असे म्हणता येत नाही.

जलरेषा

निमिषमात्र, आपला आक्षेप मला मान्य आहे. लक्षणांपूर्वी पसरणाऱ्या रोगात रुग्ण पुढे येण्याने साखळी पूर्ण तुटत नाही, तरीही चाचणीला लवकर येणारा माणूस आपल्या संपर्कातील पुढच्या फळीला वेळेत सावध करतो, म्हणून त्याचे मोल शून्य होत नाही, एवढेच म्हणेन.

उत्तरायण, सामोआचे उदाहरण अतिशय मोलाचे आहे, परंतु त्यात एक भेद करावा लागेल. सीमेवरची सक्ती आणि घरातली सक्ती यांचे परिणाम सारखे नसतात. रोग अजून बाहेर आहे, वाट एकच आहे आणि ती जहाजाची आहे, अशा वेळी अडवायचे असते ते जहाजाला. गावातल्या कोणाला आपला आजार लपवण्याचे कारणच निर्माण होत नाही. शिवाय पॉयर यांच्या क्वारंटाइनला स्थानिक सामोअन लोकांची साथ होती आणि किनाऱ्यावर गस्त घालण्यात ते स्वतः सहभागी होते. रगूसा, म्हणजे आजचे दुब्रॉव्हनिक, या नगरराज्याने १३७७ मध्ये प्लेगग्रस्त प्रदेशातून येणाऱ्यांना शहरात शिरण्यापूर्वी ३० दिवस बाहेर थांबण्याचा नियम केला, तोही याच जातीचा होता, आणि जंतूची कल्पनाही नसताना तो नियम उपयोगी ठरला.

मात्र सीमेवरच्या सक्तीलाही लपवालपवीचा रोग जडतोच, आणि तेथे लपवणारे गरीब नसतात. १७२० च्या मे महिन्यात 'ग्रँ सेंतांत्वान' हे जहाज फ्रान्सच्या मार्सेय बंदरात आले, तेव्हा वाटेत त्यावर अनेक मृत्यू झाले होते, खुद्द जहाजाच्या वैद्याचाही त्यांत समावेश होता, आणि लिव्होर्नो बंदराने त्याला आत घेतले नव्हते. परंतु त्यातील कापडाचा मौल्यवान माल बोकेरच्या जत्रेसाठी वेळेत पोहोचायला हवा होता आणि त्या मालात शहराच्या एका प्रमुख अधिकाऱ्याची भागीदारी होती. जहाजाला मिळायला हवी होती तितकी कडक वागणूक मिळाली नाही. मार्सेयमध्ये ४० हजारांहून अधिक आणि एकूण प्रॉव्हाँस प्रांतात सुमारे एक लाख माणसे मेली. ज्यांच्यावर नियम चालवायचा त्यांच्याच हाती नियमाची किल्ली असणे, हा धोका मला गरिबाच्या लपवण्यापेक्षा मोठा वाटतो.

घरातल्या सक्तीचे अलीकडचे उदाहरण लायबेरियाचे आहे. पश्चिम आफ्रिकेतील २०१४ ते २०१६ च्या इबोला साथीत ११ हजारांहून अधिक लोक दगावले. ऑगस्ट २०१४ मध्ये मन्रोव्हियातील वेस्ट पॉइंट ही दाट वस्ती सशस्त्र दलांनी एकाएकी बंद केली. गोळीबार झाला, एक किशोरवयीन मुलगा मरण पावला आणि सुमारे १० दिवसांनी ती नाकाबंदी उठवावी लागली. त्याच महिन्यात मन्रोव्हिया परिसरातील मृतदेहांचे दहन सक्तीचे झाले. इबोलाने मेलेल्या माणसाचे शरीर अत्यंत संसर्गजन्य असते, म्हणून शास्त्राच्या दृष्टीने निर्णय निर्दोष होता. पण दफनाला फार मोठे महत्त्व देणाऱ्या समाजाला तो सहन होणारा नव्हता, म्हणून मृतदेह गुप्तपणे पुरले जाऊ लागले आणि आजारी माणसे उपचार केंद्रापासून दूर ठेवली जाऊ लागली. पुढे कुटुंबीयांना सुरक्षित अंतरावरून उपस्थित राहता येईल, प्रार्थना करता येईल आणि कबर कोठे आहे हे कळेल, अशी दफनाची पद्धत आखली गेली आणि २०१४ च्या अखेरीस दहनाची सक्ती मागे घेतली गेली. शरीर हाताळण्याचे वैद्यकीय नियम जसेच्या तसे राहिले आणि तरीही कुटुंबाला शोक करायला जागा मिळाली. मला हा अलीकडच्या साथनियंत्रणातील सर्वांत शिकण्यासारखा बदल वाटतो, कारण येथे संसर्गशास्त्राने काहीही सोडले नाही, सोडला तो केवळ उद्दामपणा.

पाऊलवाट

या चर्चेत पोटाचा प्रश्न अजून आलेला नाही. न्यूयॉर्कमधील स्वयंपाकीण मेरी मॅलन हिचे नाव सर्वांनी ऐकलेले असते, आणि ते बहुधा दुष्टपणाचे प्रतीक म्हणून ऐकलेले असते. स्वतः निरोगी दिसणारी, पण विषमज्वराचे जंतू शरीरात बाळगणारी ती वाहक होती. १९०७ मध्ये तिला पकडून एका बेटावर ठेवण्यात आले आणि पुन्हा स्वयंपाकाचे काम करणार नाही या हमीवर १९१० मध्ये सोडण्यात आले. तिला कपडे धुण्याचे काम मिळाले, त्यात स्वयंपाकिणीच्या कामापेक्षा बरेच कमी पैसे मिळत. काही काळाने ती नाव बदलून पुन्हा स्वयंपाक करू लागली, १९१५ मध्ये एका प्रसूती रुग्णालयात विषमज्वराची साथ उद्भवली तेव्हा सापडली आणि १९३८ मध्ये मृत्यू येईपर्यंत बेटावरच राहिली.

आपल्यामुळे लोक आजारी पडतात हे तिला कधीच पटले नाही, आणि अंगाला काहीही होत नसताना ते पटणे किती अवघड आहे याचा विचार व्हायला हवा. समाजाने तिला सांगितले की तुझी उपजीविका सोड, पण त्या बदल्यात दुसरी उपजीविका दिली नाही. तिच्यासारखे इतर अनेक वाहक तेव्हा शहराला माहीत होते आणि त्यांना जन्मभर कोंडले गेले नव्हते.

याच्या उलट, २०२० मध्ये तैवानने घरी क्वारंटाइनमध्ये राहणाऱ्या पात्र व्यक्तीला दररोज १००० तैवानी डॉलर भत्ता दिला आणि नियम मोडणाऱ्यास जबर दंडही ठेवला. या दोन्ही गोष्टी एकत्र होत्या, हे लक्षात घ्यावे. घरी थांबण्याचा खर्च समाजाने उचलल्यानंतरच दंडाला नैतिक आधार येतो. रोजच्या मजुरीवर जगणाऱ्याला भत्त्याविना घरी बसवणे म्हणजे साथ रोखण्याचा सगळा खर्च सर्वांत दुबळ्या माणसाच्या खिशातून काढणे होय. हे मला अन्यायाचे वाटते आणि निष्फळही वाटते.

उत्तरायण

सीमा आणि घर हा भेद मला पटला. सामोआचाच दुसरा प्रसंग सांगतो, कारण तो लंडनच्या लाल क्रुसाशी जोडता येतो. जुलै २०१८ मध्ये तेथे गोवराची लस टोचल्यावर दोन बालके दगावली. दोष लसीत नव्हता. लस पातळ करताना पाण्याऐवजी स्नायू शिथिल करणारे औषध मिसळले गेले होते. परंतु लसीकरण काही महिने थांबले, लोकांचा विश्वास उडाला आणि लस घेतलेल्या बालकांचे प्रमाण फार घसरले. २०१९ च्या अखेरीस गोवर आला तेव्हा सुमारे दोन लाखांच्या देशात ८३ जण मृत्युमुखी पडले. त्यांत बहुतांश लहान मुले होती.

डिसेंबरच्या सुरुवातीला सरकारने दोन दिवस सारे व्यवहार बंद ठेवले आणि ज्या घरात लस न घेतलेले कोणी असेल त्यांनी दाराबाहेर लाल कापड लावावे असे सांगितले. लोकांनी ते लावले आणि लसीकरण पथके घरोघर पोहोचली. लंडनमधील लाल खूण घर बंद झाल्याचे सांगत होती, येथील लाल खूण आत या असे सांगत होती. व्यवहार बंद ठेवण्याची सक्ती दोन्हीकडे होती, हे मी आवर्जून नोंदवतो. म्हणून सक्ती वाईट हे सरसकट विधान आपण मागे घ्यावे, अशी विनंती आहे.

जलरेषा

ते विधान मी मागे घेते. सक्तीच्या जोडीला दारात काय पोहोचते, दंड की मदत, यावर माझा भर राहील.

निमिषमात्र

हीच कसोटी राष्ट्रांनाही लावून पाहावी, कारण रुग्णाप्रमाणे देशही आजार लपवतात आणि कारण तेच असते. १८९२ च्या ऑगस्टमध्ये हँबर्गमध्ये पटकीचे रुग्ण दिसू लागले, पण बंदराचा व्यापार ठप्प होईल या भीतीने नगरशासनाने साथ जाहीर करण्यात मोलाचे दिवस घालवले. सुमारे ८,६०० माणसे मेली. शेजारच्या आल्टोना शहरात एल्ब नदीचे पाणी हँबर्गच्या सांडपाण्यासह येत असे, पण ते वाळूतून गाळून दिले जाई, म्हणून ते शहर मोठ्या प्रमाणात बचावले. हँबर्गने अशी गाळण योजना खर्चाच्या वादात बराच काळ रखडवली होती.

नोव्हेंबर २०२१ मध्ये दक्षिण आफ्रिकेच्या शास्त्रज्ञांनी याच्या अगदी उलट केले. कोविडच्या विषाणूचा नवा प्रकार सापडताच त्यांनी तो जगाला कळवला. २६ तारखेला जागतिक आरोग्य संघटनेने त्याला ओमिक्रॉन हे नाव दिले आणि त्याच सुमारास अनेक देशांनी दक्षिण आफ्रिकेची विमाने बंद केली. नंतर नेदरलँड्सने तपासलेल्या जुन्या नमुन्यांत हाच प्रकार १९ नोव्हेंबरच्या नमुन्यात सापडला, म्हणजे ही बंदी घातली जाण्यापूर्वीच तो युरोपात होता. खरे सांगणाऱ्या देशाला शिक्षा झाली आणि त्या शिक्षेने साथही अडली नाही. पुढच्या वेळी दुसरा एखादा देश असा शोध लागताच काय करील?

अंकपाश

यावर एक जुना तोडगा उपलब्ध आहे. देवीचे निर्मूलन होत असताना रुग्णाची खबर देणाऱ्याला बक्षीस दिले जाई. भारतात ही रक्कम अखेरच्या टप्प्यात १००० रुपयांपर्यंत वाढवली गेली, आणि १९७८ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने जगात कोठेही खऱ्या रुग्णाची खबर देणाऱ्यास १००० डॉलर जाहीर केले. अमेरिकी साथरोगतज्ज्ञ विल्यम फेगी यांनी १९६६ च्या अखेरीस नायजेरियात लस अपुरी असताना रुग्णाभोवतीच्या लोकांनाच टोचण्याची जी पद्धत वापरली, तिचा सारा डोलारा अशा खबरींवर उभा होता, कारण रुग्ण कोठे आहे हेच ठाऊक नसेल तर त्याच्याभोवती कडे करणार कसे? नैसर्गिक संसर्गाचा अखेरचा रुग्ण ऑक्टोबर १९७७ मध्ये सोमालियात आढळला आणि मे १९८० मध्ये निर्मूलन जाहीर झाले.

देशांच्या बाबतीत बक्षिसाची गरज नाही, नुकसानभरपाई पुरे. साथीची खबर वेळेत देणाऱ्या देशावर प्रवासबंदी घालायची झाल्यास, बंदी घालणाऱ्या देशांनी त्याचे बुडालेले उत्पन्न ठरावीक काळापुरते भरून द्यावे आणि बंदीचा फेरविचार ठरलेल्या तारखेला सक्तीने व्हावा, एवढे दोन नियम आंतरराष्ट्रीय करारात आले तरी खबर दडवण्याचे सर्वांत मोठे कारण कमी होईल. भरपाई देण्याची वेळ आली की बंदी घालण्यापूर्वी ती खरोखर उपयोगी आहे का, हेही बारकाईने तपासले जाईल.